कामीय कोतँ: मालिकेत वाघीण, सिनेमात मांजर?

गवती चहा

'कॉल माय एजंट'चे चारही सीझन दुसऱ्यांदा पाहून संपवले आणि जे पहिल्यांदा झालं तेच झालं. अँद्रेआ डोक्यातून जाईना. म्हणून त्या बाईचे बाकीचे सिनेमे शोधून पाहायला घेतले, आणि आता जरा वैतागून हा धागा काढतेय.

ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी: मूळ फ्रेंच मालिका 'दी पुर साँ', म्हणजे दहा टक्के, एजंटचं कमिशन. 'फ्रान्स २' या सरकारी वाहिनीवर २०१५ ते २०२० या काळात आली, नंतर नेटफ्लिक्समुळे जगभर गेली. पॅरिसमध्ये नटनट्यांची कामं बघणारी 'आस्क' नावाची एजन्सी आहे. तिचा मालक पहिल्याच भागात ब्राझीलला सुट्टीवर असताना गांधीलमाशी गिळून मरतो, आणि मागे राहिलेले एजंट आधी एकमेकांच्या उरावर बसतात, मग एजन्सी वाचवायला धावतात. दर भागात कुणीतरी खरी नटी किंवा खरा नट स्वतःच्याच नावाने येतो आणि स्वतःचीच फजिती करून घेतो. या एजंटांमधली अँद्रेआ मार्तेल म्हणजे कामीय कोतँ. जन्म १९७८ चा, म्हणजे मालिका सुरू झाली तेव्हा छत्तिशीत.

माझं म्हणणं असं. अँद्रेआ बघताना वाटतं की हिला काहीही द्या, ही करेल. ओरडणं, खोटं बोलणं, फोनवर एकाला पटवत समोरच्याला डोळ्यांनी हाकलणं. पण मग इंग्रजी सिनेमावाल्यांनी तिला काय दिलं? 'हाउस ऑफ गुची'मध्ये नवऱ्याची दुसरी बाई. 'अ हाँटिंग इन व्हेनिस'मध्ये घर सांभाळणारी बाई. 'गोल्डा'मध्ये इस्रायलच्या पंतप्रधान गोल्डा मेयर यांची सेक्रेटरी, आणि त्यात सिगारेटच्या धुरात हेलन मिरेनच दिसते, बाकी कुणी दिसत नाही.

तर प्रश्न: मालिकेतून मोठी झालेली नटी पडद्यावर कमीच पडते, की तिला कमी दिलं जातं? आणि तिचे बघण्यासारखे सिनेमे कुठले? इंग्रजी नकोत, ते बघून झालेत.

लिमलेट

गांधीलमाशी गिळून पहिल्याच भागात मेला? आणि परत आलाच नाही? आपल्याकडे मालक मरायला चारशे भाग लागतात आणि पाचशेव्या भागात तो नवीन चेहरा घेऊन दारात उभा असतो.

ल्योंकर

छान विषय. मी इथे बरीच वर्षं आहे, त्यामुळे माझा क्रम तुमच्या उलटा. इथल्या लोकांना कोतँ अँद्रेआच्या आधीपासून माहीत होती.

२०१३ पासून 'कनाल प्लुस' वाहिनीवर 'कोनास' नावाच्या छोट्या छोट्या चित्रफिती यायच्या. (नाव शिवी आहे, उलगडून सांगत नाही.) छुपा कॅमेरा. कोतँ एक उर्मट, श्रीमंत, स्वतःवर लट्टू असलेली पॅरिसची बाई बनून खऱ्या दुकानांत, खऱ्या रस्त्यावर जायची आणि समोरच्या बिचाऱ्या माणसाला पत्ताच नसायचा. एलोईझ लाँग आणि नोएमी साग्लियो या दोघींनी ते केलं होतं. २०१५ मध्ये त्याच पात्रावर अख्खा सिनेमा आला: बाईसाहेबांना राजपुत्र हॅरीशी लग्न करायचंय. तोही छुप्या कॅमेऱ्यानेच. त्यासाठी ही खरोखर केन्सिंग्टन राजवाड्याचं कुंपण चढून गेली आणि पोलिसांनी धरली.

गंमत पुढे आहे. त्या सिनेमासाठी २०१६ मध्ये तिला सेझारचं, म्हणजे फ्रान्सच्या सगळ्यात मोठ्या सिने-पुरस्काराचं, नामांकन मिळालं ते 'उदयोन्मुख अभिनेत्री' गटात. सदतिसाव्या वर्षी उदयोन्मुख!

आता गवती चहा यांच्या मुद्द्यावर. अँद्रेआमध्ये जे आवडतं ते मला तरी तिथूनच आलेलं दिसतं. छुप्या कॅमेऱ्यात दुसरा टेक नसतो. समोरचा काय बोलेल ते माहीत नसतं. तो बोलेपर्यंत चेहरा धरून ठेवायचा, आणि बोलला की त्याच्या वाक्याचं शेपूट पकडून पुढे जायचं. अँद्रेआ दिवसभर दुसरं काय करते?

तिसरी घंटा

ल्योंकर, शेवटच्या परिच्छेदाला माझा अर्धाच होकार. समोरच्याचं ऐकून बोलणं ही नाटकवाल्यांची पहिली इयत्ता आहे, त्याला छुपा कॅमेरा कशाला? ही बाई आधी रंगभूमीवर उमेदवारी करून आलेली आहे, ते तिच्या उभं राहण्यातच दिसतं. अँद्रेआ खोलीत शिरते तेव्हा आधी खोली बघते, मग माणूस. मालिकांमध्येच वाढलेले नट आधी कॅमेरा कुठे आहे ते बघतात.

हे मालिकांना नावं ठेवणं नाही. तिथे रोज वीस मिनिटांचं चित्रीकरण उरकायचं असतं, खोली बघायला वेळ कुणाला?

टाचणी

धागाकर्तीने इंग्रजी सिनेमांची यादी करताना सोयीस्करपणे एक नाव गाळलंय. 'स्टिलवॉटर', २०२१, दिग्दर्शक टॉम मॅकार्थी. पाहिला नसेल तर पाहा, पाहिला असेल तर का गाळला ते सांगा.

ओक्लाहोमातला तेलविहिरींवर राबलेला बाप (मॅट डेमन) मार्सेयच्या तुरुंगात असलेल्या मुलीसाठी येतो. त्याला फ्रेंचचा गंध नाही. विर्जिनी नावाची नाटकात काम करणारी, एकट्याने मुलगी वाढवणारी बाई त्याच्यासाठी दुभाष्याचं काम करायला लागते आणि हळूहळू तो त्यांच्याच घरात राहायला येतो. विर्जिनी म्हणजे कोतँ. पुढचं वाक्य ज्यांनी पाहिला नाही त्यांनी वाचू नये: त्याने तळघरात काय करून ठेवलंय ते कळल्यावर ती त्याला घरातून जायला सांगते, आणि त्या प्रसंगात ओरडत नाही, रडारड नाही. अँद्रेआ असती तर पॅरिसभर ऐकू गेलं असतं.

मालिकेत जे करते त्याच्या बरोबर उलटं करून दाखवलंय. मग 'सिनेमात मांजर' कशी?

गवती चहा

@टाचणी, पाहिलाय आणि आवडलाय. पण तो सिनेमा डेमनचा आहे. ती असते तोवर चांगला वाटतो, मधला तासभर त्या घरातला आहे तो उत्तमच आहे. मग कथा पुन्हा मुलगी, खून, पुरावे यांच्या मागे जाते आणि ही बाजूला पडते. माझी तक्रार तीच तर आहे.

साखरभात

कुणी हिंदी आवृत्ती पाहिली का? 'कॉल माय एजंट: बॉलिवूड', २०२१, शाद अलीने केलेली. रजत कपूर, सोनी राझदान, आयुष मेहरा, आणि अँद्रेआच्या जागी आहाना कुमरा. मी तीन भागांत हात टेकले.

आहानाचा दोष नाही. घोळ पाहुण्या कलाकारांमध्ये आहे. फ्रेंच मालिकेत इझाबेल हुपेर येते ती कामाची हावरट म्हणून: करार धाब्यावर बसवून एकाच वेळी दोन सिनेमांचं शूटिंग करते आणि एजंट बिचारे तिला रात्रभर पॅरिसमध्ये इकडून तिकडे पळवतात. हुपेरबद्दल इथे सगळ्यांना तेच ठाऊक आहे की ती थांबत नाही, आणि तीच ती स्वतःवर करून दाखवते. आपल्याकडचे तारे-तारका स्वतःच्या भूमिकेत आले की फार तर 'मी जरा विसराळू आहे' इतपतच कमीपणा घेतात. ताऱ्याला धक्का लागला नाही तर एजंटने वाचवायचं काय?

लिमलेट

मराठीत काढली तर भाग एक: एजंट म्हणजे नटाचा मावसभाऊ. कमिशन: दोन वेळचा चहा आणि प्रीमियरचा पास.

करकोचा

लिमलेट, हसू नका, फार लांब नाही ते. मी निर्मितीच्या बाजूला काम करतो. मराठीत बहुतेक नट आपले फोन आपणच घेतात. प्रॉडक्शनवाला थेट विचारतो, 'ताई, पंधरा ते अठ्ठावीस तारखा आहेत का?' ताई म्हणतात नाटकाचे दौरे आहेत, मग दोघं मिळून कॅलेंडरवर रेघोट्या मारतात. मालिकेचं मानधन बहुतेक ठिकाणी नव्वद दिवसांनी. ते आलं नाही तर फोन करायचा कुणी, तर ताईंनीच. ज्या माणसाशी सकाळी पैशावरून वाद घातला त्याच्याच सेटवर दुपारी रडायचा सीन द्यायचा.

अँद्रेआ बघताना मला सगळ्यात जास्त हेवा कशाचा वाटला असेल तर याचा, की भांडायला वेगळं माणूस ठेवलंय. बाकी त्या मालिकेची कल्पनाच मुळात दोमिनिक बेनार यांची. ते स्वतः आर्तमीदिया या मोठ्या एजन्सीत कितीतरी वर्षं एजंट होते. त्यामुळे करार फाटणं, तारखा भिडणं, नटाला वाईट बातमी कुणी सांगायची यावरून टोलवाटोलवी, हे सगळं जागच्या जागी आहे. त्यावर लिहिणं बसवलं फानी हेरेरोने. तीन सीझननंतर ती बाहेर पडली आणि चौथ्यात ते जाणवतं. सिगर्नी वीव्हर येऊनही.

ल्योंकर

करकोचा यांच्या बोलण्यावरून एक गोष्ट सांगाविशी वाटते, थोडी अवांतर पण मूळ प्रश्नाला धरून.

सदतिसाव्या वर्षी 'उदयोन्मुख' म्हणजे त्याआधी दहा-बारा वर्षं ही बाई छोटी कामं करत टिकली कशी? मध्यंतरी तिने इंग्रजी शिकवलं. (शाळकरी वयात लंडनमध्ये राहिलेली आहे, म्हणून तिचं इंग्रजी असं सहज.) पण इथे आणखी एक आधार असतो. फ्रान्समध्ये नट, वादक, तंत्रज्ञ यांच्यासाठी बेकारी भत्त्याची वेगळी व्यवस्था आहे. बारा महिन्यांत ५०७ तास काम केल्याचं दाखवलं की दोन कामांमधल्या रिकाम्या दिवसांचा भत्ता मिळतो. त्यावर ऐश होत नाही, पण भाडं निघतं. नट वर्षाचे तास मोजत बसलेले असतात, दिवाळीआधी आपल्याकडे बोनस मोजतात तसे.

शिवाय प्रत्येक सिनेमाच्या तिकिटातून १०.७२ टक्के कर कापून सेएनसेकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे जातो आणि तिथून नवीन सिनेमांना पैसे मिळतात. अमेरिकन सिनेमाला गर्दी झाली तरी त्यातला वाटा फ्रेंच सिनेमाच्या खिशात. अशा ठिकाणी पस्तिशीची अनोळखी नटी अजून धंद्यात असते, घरी बसलेली नसते. मग एखादी अँद्रेआ लिहिली गेली की ती करायला कुणीतरी तयार सापडतं.

टाचणी

म्हणजे शेवटी अनुदानच. प्रत्येक धाग्यात फ्रान्सचं सरकार कसं घुसतं कोण जाणे. ५०७ तास भरणारे हजारो आहेत, त्यातली कोतँ एकच झाली. हेरेरोने भूमिका लिहिली आणि हिने ती उचलली, एवढं सरळ आहे.

ल्योंकर

एकच झाली हे खरं. पण हजारो टिकले म्हणून निवडायला मिळाली, एवढंच म्हणतोय.

उंबरठा

वयाचा विषय निघालाच आहे तर पहिलाच भाग आठवा. सेसिल द फ्रान्सला टॅरँटिनोचा सिनेमा मिळालेला असतो आणि मग कळतं की अमेरिकनांना ती भूमिकेसाठी वयस्क वाटतेय. एजंट तिच्यापासून लपवतो, ती चेहऱ्यावर सुया टोचून घ्यायच्या विचाराला लागते. मालिकेने पहिल्या तासातच हा विषय टेबलावर ठेवला.

आपल्याकडचं उदाहरण द्यायचं तर रोहिणी हट्टंगडी. 'गांधी'मधल्या कस्तुरबांसाठी बाफ्टा पुरस्कार. बाफ्टा! जन्म १९५१ चा. आणि १९९० च्या 'अग्निपथ'मध्ये आई कुणाची, तर अमिताभची, जो त्यांच्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठा. अलीकडे 'गली बॉय'मध्ये अमृता सुभाष रणवीर सिंगची आई, वयात अंतर सहा वर्षांचं. दोघींनी काम अप्रतिम केलं, तो मुद्दाच नाही. पण कोतँला मालिका जितकी उशिरा मिळाली त्या वयात आपल्याकडे आरतीचं ताट हातात येतं.

तिसरी घंटा

उंबरठा, रोहिणीताईंचं उदाहरण दुसऱ्या बाजूनेही कापतं. बाफ्टा मिळालेल्या या बाईने पुढे 'चार दिवस सासूचे'सारखी मालिका वर्षानुवर्षं ओढली आणि घराघरांत पोचली. मराठी माणूस त्यांना मालिकेतली म्हणून कमी लेखत नाही. आपल्याकडे नाटक, मालिका, सिनेमा या तिन्ही ओसऱ्यांवर माणसं सहज येतात-जातात. मुक्ता बर्वेने 'जोगवा'ही केला आणि 'एका लग्नाची दुसरी गोष्ट'ही. मालिका की सिनेमा हा भेद मराठीत तितका टोचत नाही. टोचतो तो हिंदीत गेल्यावर. तिथे मराठी नटीला मोलकरीण नाहीतर हवालदारीण.

म्हणजे पाहा, धागाकर्तीने दिलेली यादी: दुसरी बाई, घर सांभाळणारी, सेक्रेटरी. फ्रेंच नटीचं हॉलिवूडमध्ये तेच होतंय. मालिकेचा संबंधच नाही यात. परक्याच्या घरी पाहुणी म्हणून गेलं की ताट कुठे वाढायचं ते यजमान ठरवतो.

लिमलेट

अँद्रेआ हवालदारीण असती तर आयुक्तांना आधी हाकललं असतं.

केवडा

पहिल्यांदाच लिहितेय, वाचत बरीच वर्षं आहे. अँद्रेआच्या एका गोष्टीवर कुणी बोललं नाही म्हणून. तिला बायका आवडतात, आणि मालिका ते पहिल्या भागापासून असं गृहीत धरते जसं तिला कॉफी आवडते. कुटुंबापुढे कबुली, रडणं, 'समाज काय म्हणेल' यातलं काही नाही. कोलेत नावाची आयकर तपासनीस एजन्सीच्या वह्या तपासायला येते आणि अँद्रेआ तिच्याच प्रेमात पडते, आता तिला पटवायचं की तिच्यापासून हिशेब लपवायचे हा प्रश्न. यातला विनोद दुसऱ्या कुठल्याही जोडप्याला असता तसाच आहे.

म्हणूनच पुढे तिला हिशामपासून, म्हणजे एजन्सीच्या नव्या मालकापासून, मूल होतं ते अनेकींना खटकलं. मलाही. इतकं सरळ चाललेलं असताना कथेला पुरुष आणायची गरज का पडली? पण कोतँने ते ज्या अवघडलेपणाने केलंय त्यामुळे निभावलं.

साखरभात

@केवडा, स्वागत! हे मी लक्षातच घेतलं नव्हतं, आणि लक्षात न येणं हेच मालिकेचं यश असावं. हिशामबद्दल सहमत.

बारक्या

आईबाबांबरोबर बघता येईल का? प्रामाणिक प्रश्न.

लिमलेट

आईबरोबर हो. बाबांबरोबर हो. दोघांबरोबर एकदम नको, रिमोट कुणी घ्यायचा यावर नजरानजर होते.

गवती चहा

तिसरी घंटा यांचा पाहुणी-यजमान मुद्दा पटतोय. पण मग माझ्याच प्रश्नाची दुसरी बाजू विचारते. फ्रान्समध्ये तरी? त्याच मालिकेतली नोएमी, म्हणजे लॉर कालामी. सहायक, पाचवा-सहावा पाट. तिला २०२१ मध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा सेझार मिळाला, तेही डोंगरात गाढवाबरोबर फिरणाऱ्या बाईच्या सिनेमासाठी. त्यानंतर 'आ प्लें ताँ' केला, उपनगरातून रोज पॅरिसला धावणारी हॉटेलातली कामगार, एकटी आई, संपामुळे गाड्या बंद. तो बघताना मला लोकलचे दिवस आठवून छाती धडधडली. कोतँचा असा सिनेमा कुठला?

ल्योंकर

आहे ना. तीन सांगतो, मोठे नाहीत पण बघा.

'ले एब्लुई', २०१९, सारा सुको. एक कुटुंब हळूहळू एका कडक कॅथलिक पंथाच्या कह्यात जातं, आणि हे सगळं मोठ्या मुलीच्या नजरेतून. कोतँ आई आहे. ती दुष्ट नाही, एकटी पडलेली आहे, कुणीतरी जवळ घेतलं म्हणून तिकडे ओढली गेली आणि मुलांना घेऊन गेली. अँद्रेआची सगळी शक्ती इथे काढून टाकल्यासारखी आहे. अंगात हाडं नसल्यासारखी वावरते. मला तिचं हे काम फार आवडलं, आणि याच्यावर कुणी फारसं बोलत नाही.

'तोनी, आँ फामी', २०२३, नाताँ आंब्रोसियोनी. तोनी विशीत एका गाण्यासाठी प्रसिद्ध झाली होती, आता पाच मुलांची एकटी आई. मोठी मुलं घर सोडायला निघाली आणि हिला प्रश्न पडला की मी आता काय करू. मोठं काही घडत नाही. जेवणाच्या टेबलावर पाच पोरं एकदम बोलतात आणि ही त्यात.

आणि 'शाँब्र २१२', क्रिस्तोफ ओनोरे. यात ती छोट्या भूमिकेत आहे, नवऱ्याची जुनी पियानो शिक्षिका. कियारा मास्त्रोयानीचा सिनेमा, पण ही येते तेव्हा हवा बदलते.

एक अपयशही सांगतो, म्हणजे मी भक्त नाही हे कळेल. 'मुश', २०१९, इंग्रजी 'फ्लीबॅग'ची फ्रेंच आवृत्ती, ती फ्लीबॅगच्या जागी. जवळपास दृश्यामागून दृश्य तेच. कोतँ हुशार आहे, विनोद पोचतात, पण तुम्हाला सारखी दुसरीच बाई आठवत राहते. जी भूमिका एका नटीने स्वतःच लिहून स्वतःच्या अंगावर शिवली, ती दुसरीला कशी होणार?

साखरभात

म्हणजे जे आहाना कुमराचं कोतँपायी झालं तेच कोतँचं फ्लीबॅगपायी. न्याय आहे म्हणायचा.

करकोचा

पुरस्कारांचं चाललंय म्हणून: २०२१ चा आंतरराष्ट्रीय एमी, विनोदी मालिकांचा गट. 'कॉल माय एजंट'चा चौथा सीझन जिंकला. हरलेल्यांत आपला वीर दासही होता, 'फॉर इंडिया' घेऊन. दोन वर्षांनी त्याने 'लँडिंग'साठी ट्रॉफी घेतली, तीही 'डेरी गर्ल्स'बरोबर वाटून.

उंबरठा

मला वाटलं कुणीतरी कान महोत्सवाचं आणेल, कुणी आणलं नाही म्हणून मी आणते.

मालिकेच्या दुसऱ्या सीझनचा शेवटचा भाग आठवा. झुलिएत बिनोश कान महोत्सवाच्या उद्घाटनाची सूत्रधार असते, तिचा पिसांचा भयानक ड्रेस, एक श्रीमंत माणूस तिच्या मागे लागलेला, आणि अँद्रेआ मागच्या बाजूला पळापळ करतेय. आता २०२४. खऱ्या कान महोत्सवाच्या उद्घाटनाची आणि समारोपाची सूत्रधार कोण, तर कामीय कोतँ. एजंट रंगमंचावर! आणि त्याच उद्घाटनात मेरिल स्ट्रीपला मानाचा पाम पुरस्कार द्यायला आली ती बिनोश, बोलता बोलता रडली. कोतँने भाषणात रात्री उशिरा हॉटेलच्या खोल्यांत 'कामाच्या बैठका' बोलावणाऱ्या बड्या लोकांना टोलाही हाणला.

आणि समारोपाच्या रात्री 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'ला ग्राँ प्री मिळाला. मुख्य स्पर्धेत भारतीय सिनेमा तीस वर्षांनी. पायल कपाडियाबरोबर मंचावर आपली छाया कदम.

केवडा

छाया कदम आईची साडी आणि नथ घालून गेल्या होत्या त्या महोत्सवात! फोटो कितीदा पाहिलेत.

टाचणी

आता धागा छाया कदमवर जाणार. जाऊ दे, चांगलंच आहे. 'फँड्री' २०१३, 'सैराट' २०१६, 'न्यूड' २०१८, आणि लोकांना नाव माहीत झालं ते २०२४ मध्ये, 'लापता लेडीज' आणि कान एकाच वर्षी आले तेव्हा. इथे ५०७ तास नव्हते, ल्योंकर.

ल्योंकर

नव्हते, म्हणून त्यांचं जास्त कौतुक. पण 'ऑल वी इमॅजिन'मध्ये फ्रान्सचा पैसा आहे, तेवढं सांगून गप्प बसतो. :)

तिसरी घंटा

त्या सिनेमातली पार्वती बघा. मुंबईत आयुष्य गेलं, नवरा गिरणीत, घराचे कागद नाहीत म्हणून बिल्डर बाहेर काढतो, आणि ती सामान बांधून रत्नागिरीकडे गावी जाते. छायाताई त्यात रागावतात तेव्हा बिल्डरच्या जाहिरातीच्या फलकावर दगड मारतात, बस. परत आपल्या कामाला. याला मी खोली बघणं म्हणतो.

आता मूळ प्रश्नाकडे येतो, नाहीतर धागाकर्ती रागवायची. टाचणीने 'स्टिलवॉटर' आणला, ल्योंकरांनी 'एब्लुई' आणि 'तोनी'. मी काल-परवा 'तोनी' पाहिला. बाईला सिनेमा पेलतो यात आता वाद नको. राहिलं इंग्रजी. तर 'किलिंग ईव्ह' कुणीच काढलं नाही. तिसऱ्या-चौथ्या सीझनमधली एलेन, गुप्त संघटनेची वरिष्ठ, कपडे झकास, बोलणं मधाळ आणि माणूस मारताना हात थरथरत नाही. इंग्रजीतली ही एक भूमिका अशी आहे की जिथे तिला विनोदी असण्याची मुभा मिळाली. आणि ती पुन्हा मालिकाच निघाली! सिनेमात दोन तास असतात, त्यात परकी नटी पंधरा मिनिटं. मालिकेत तिला भागामागून भाग मिळतात. अँद्रेआला तर चार सीझन, प्रत्येकी सहा, चोवीस तास मिळाले. त्या चोवीस तासांशी 'गुची'मधल्या चार प्रसंगांची तुलना करून मांजर ठरवायची असेल तर मग हुपेरलाही एखाद्या पाहुण्या भूमिकेवरून ठरवा.

गवती चहा

@तिसरी घंटा, एलेन विसरलेच होते असं नाही, मालिका म्हणून यादीत घेतली नव्हती. पण तासांचा मुद्दा मानते. तरी एक हट्ट सोडत नाही: कालामीला 'आ प्लें ताँ'मध्ये सुरुवातीपासून शेवटपर्यंत फक्त तीच आहे. कोतँला असा सिनेमा कुणीतरी द्यायला हवा, की कॅमेरा तिच्यावरून हलणारच नाही. 'तोनी' तसा असेल तर बघते, शनिवारी लावते.

ल्योंकर

'तोनी' जवळजवळ तसाच आहे. आणि त्याच दिग्दर्शकाने २०२५ मध्ये तिला घेऊन पुढचा सिनेमाही केलाय, 'लेझाँफाँ व्हाँ बियें'. थिएटरमधून नेटफ्लिक्सवर यायला इथे नियमाने पंधरा महिने थांबावं लागतं, त्यामुळे तुम्हाला लगेच मिळेल याची आशा नको.

टाचणी

पुन्हा नियम!

बारक्या

आईबरोबर दोन भाग झाले. आई म्हणते त्या म्हातारीचा कुत्रा सगळ्यात शहाणा आहे. नाव काय त्याचं?

उंबरठा

झाँ गाबँ. जुन्या काळच्या मोठ्या फ्रेंच नटाचं नाव ठेवलंय. आर्लेतबाईंशिवाय कुणाचं ऐकत नाही.

लिमलेट

अख्ख्या एजन्सीत कमिशन न घेणारा तेवढा एकच.